पाहणाऱ्याची जबाबदारी

१९७० साली भारत सरकारने बीबीसीचे दिल्लीतील कार्यालय बंद करायला लावले. निमित्त होते एका फ्रेंच दिग्दर्शकाने भारतावर केलेल्या सात भागांच्या माहितीपट मालिकेचे. इंग्रजीत ती 'फँटम इंडिया' या नावाने दाखवली गेली. मालिकेत भारताचे दारिद्र्य तेवढे दिसते, देशाची प्रगती कोठेच दिसत नाही, असा सरकारचा आक्षेप होता. प्रक्षेपण थांबवा, अशी मागणी झाली. बीबीसीने ती मानली नाही आणि कार्यालयाला टाळे लागले. ते उघडायला जवळजवळ दोन वर्षे जावी लागली.

या दिग्दर्शकाचे नाव लुई माल. तो २३ नोव्हेंबर १९९५ रोजी वयाच्या ६३ व्या वर्षी वारला. अर्धशतकापूर्वीचे हे भांडण आता उकरून काढण्याचे कारण काय, असे वाचकांना वाटेल. कारण असे, की त्या वेळचा राग लक्षात ठेवणारे पुष्कळ निघाले. परंतु आपल्याकडे इतक्या रोखून पाहणाऱ्या या माणसाने नंतर आपला कॅमेरा कोणाकडे वळवला, याची दखल फार थोड्यांनी घेतली. तो त्याने आधी स्वतःच्या देशाकडे वळवला आणि शेवटी स्वतःच्या शाळेच्या बाकाकडे. दुसऱ्याचे उणे दाखविण्याचा अधिकार कोणाला, हा प्रश्न आपण नेहमीच तावातावाने विचारतो. लुई मालची चाळीस वर्षांची कारकीर्द हे त्या प्रश्नाचे एक प्रामाणिक उत्तर आहे.

लुई मालचा जन्म ३० ऑक्टोबर १९३२ चा, उत्तर फ्रान्समधील तुमेरी या गावचा. घर साखर कारखानदारांचे. नेपोलियनच्या युद्धांच्या काळात समुद्रमार्गे येणारी उसाची साखर बंद झाली, तेव्हा फ्रान्सने बीटपासून साखर काढण्याचा धंदा वाढवला. त्या काळापासून गबर झालेल्या घराण्यांपैकी त्याच्या आईचे बेगाँ घराणे होते. घरात पैसा, शिस्त आणि कॅथलिक धर्माचा कडक धाक. मुलाने कारखाना सांभाळावा किंवा निदान एखादा प्रतिष्ठित व्यवसाय धरावा, अशी साहजिकच अपेक्षा होती. मुलगा पॅरिसच्या चित्रपट शिक्षणसंस्थेत दाखल झाला.

तेथून तो थेट समुद्रात उतरला. जाक-ईव्ह कूस्तो हा सागर संशोधक आपल्या जहाजावर उमेदवारी करणारा विद्यार्थी शोधत होता. लुई माल गेला, पाण्याखाली कॅमेरा चालवायला शिकला आणि 'द सायलेंट वर्ल्ड' या माहितीपटाचा सहदिग्दर्शक झाला. १९५६ साली या माहितीपटाला कान महोत्सवातील सर्वोच्च पारितोषिक मिळाले आणि पुढे ऑस्करही. कानचे ते पारितोषिक पुन्हा एखाद्या माहितीपटाला मिळायला २००४ साल उजाडावे लागले. तेविशीतल्या पोराच्या पदरात एवढे दान पडले, की एक तर तो बिघडतो किंवा घाबरतो. लुई मालने दोन्ही केले नाही. रोबेर ब्रेसाँसारख्या करड्या गुरूच्या हाताखाली तो सहायक म्हणून राबला आणि मग पहिला कथापट करायला घेतला.

तो कथापट म्हणजे १९५८ साली पडद्यावर आलेला 'वधस्तंभाकडे नेणारी लिफ्ट'. खुनाची साधीच गोष्ट. पण झान मोरो ही अभिनेत्री प्रियकराला शोधत रात्रीच्या पॅरिसमध्ये भटकते, ती दृश्ये आजही पाहावीत अशी आहेत. छायालेखक आंरी देकाए याने ती दुकानांच्या काचांतून पडणाऱ्या उजेडात टिपली. चेहऱ्यावर मेकअप नाही, रस्त्यावर वेगळे दिवे नाहीत. त्या काळच्या पद्धतीला हे सोडूनच होते. चित्रपटाचे संगीत माइल्स डेव्हिस या अमेरिकन ट्रम्पेटवादकाने डिसेंबर १९५७ मधल्या एका रात्रीत, पडद्यावरची दृश्ये पाहता पाहता, बहुतेक आयत्या वेळी सुचेल तसे वाजवून ध्वनिमुद्रित केले. फ्रेंच चित्रपटातील 'नवी लाट' म्हणून जी पुढे गाजली, तिच्या आधीची ही गोष्ट.

त्याच वर्षी आलेल्या 'ले झामाँ' या चित्रपटाने वेगळाच गोंधळ उडवला. सुखवस्तू घरातली विवाहित स्त्री एका रात्रीच्या ओळखीवर घर सोडते, हे पाहून अनेकांची झोप उडाली. अमेरिकेतील ओहायो राज्यात तो दाखवणाऱ्या थिएटरच्या व्यवस्थापकाला दंड झाला आणि खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. १९६४ साली न्यायालयाने दंड रद्द केला. अश्लीलतेची व्याख्या मला करता येणार नाही, पण समोर आली की ती मला ओळखू येते आणि हा चित्रपट तसा नाही, या अर्थाचे न्यायमूर्ती पॉटर स्ट्यूअर्ट यांचे उद्गार कायद्याच्या विद्यार्थ्यांना आजही पाठ असतात. ते ज्या चित्रपटावरून निघाले, त्याचा दिग्दर्शक मात्र पुष्कळांना आठवत नाही.

पस्तिशीला पोहोचेपर्यंत त्याच्याजवळ कीर्ती होती, पैसा होता, ब्रिजित बार्दोसारखी तारका त्याच्या चित्रपटांत काम करीत होती. तरीही तो अस्वस्थ होता. सराईतपणे चित्रपट काढता येतात, पण त्यात नवे काही दिसत नाही, अशी त्याची तक्रार होती. १९६७ च्या अखेरीस काही फ्रेंच चित्रपट घेऊन तो भारतात आला, परत गेला आणि जानेवारी १९६८ मध्ये दोघांना बरोबर घेऊन पुन्हा येथे उतरला. एतिएन बेकेर कॅमेऱ्याला, झाँ-क्लोद लोरो ध्वनीला आणि तिसरा तो स्वतः. हातात पटकथा नाही, आधी ठरवलेले काही नाही. मे महिन्याच्या तोंडापर्यंत हे त्रिकूट देशभर हिंडत होते. त्यातून कलकत्त्यावरचा एक स्वतंत्र चित्रपट आणि फ्रेंच दूरचित्रवाणीसाठी सात भागांची मालिका तयार झाली. दोन्ही १९६९ साली लोकांसमोर आली.

मालिकेच्या पहिल्या भागाचे नावच 'अशक्य कॅमेरा' असे आहे. प्रारंभी इंग्रजी बोलणारे सुशिक्षित भारतीय कॅमेऱ्यासमोर देशाच्या समस्या समजावून देतात. इंग्रजी येणारे लोक शेकडा दोन, पण बोलणारे तेवढेच, असे म्हणून दिग्दर्शक खेड्यांची वाट धरतो. तेथे लोक काम सोडून कॅमेऱ्याकडे टक लावून पाहू लागतात. चित्रपटवाल्यांचा रिवाज असा, की आमच्याकडे पाहू नका, आम्ही येथे नाहीच असे समजा, असे लोकांना सांगायचे. हे सांगणे खोटेपणाचे आहे, हे या तिघांच्या लवकरच लक्षात आले. आगंतुक आपण, मग त्यांनी का पाहू नये? म्हणून ती रोखलेली नजर त्यांनी चित्रपटात तशीच ठेवली. वाटेत एके ठिकाणी मेलेल्या म्हशीवर गिधाडे तुटून पडली आहेत. पाहुण्यांना त्यात भीषण नाट्य दिसते आणि ते चित्रीकरणात गढून जातात. बरोबरच्या भारतीयांना मात्र यांना त्यात एवढे काय दिसले, याचेच आश्चर्य. हा फरकही लुई माल आपल्या निवेदनात स्वतःच सांगून टाकतो. संपूर्ण मालिकेत निवेदन त्याच्याच आवाजात, प्रथमपुरुषी आहे. मला समजले असे तो क्वचित म्हणतो. मला समजले नाही असे वारंवार म्हणतो.

पुढे मद्रासमधला देवाचा रथ येतो, भरतनाट्यमचा वर्ग येतो, जातीव्यवस्थेवरचा एक पुरा भाग येतो, ओरिसातील बोंडा आणि निलगिरीतील तोडा या जमाती येतात. सातवा भाग संपूर्ण मुंबईवर आहे. १९६८ ची ती मुंबई आज पडद्यावरच उरली आहे. नृत्याच्या वर्गात कॅमेरा इतका वेळ रेंगाळतो, की घाईच्या प्रेक्षकाला कंटाळा यावा. पण ज्याला मुळात पाहणे शिकायचे आहे, त्याने असेच थांबायचे असते.

मग राग का आला? तो अगदीच निराधार होता असे म्हणता येणार नाही. येथल्या एकाही भाषेशी परिचय नसलेला माणूस चारेक महिन्यांत या खंडप्राय देशाविषयी बोलू लागतो, तेव्हा त्याच्या हातून चुका होणारच. दोन भागांच्या नावांत 'पवित्र' आणि 'स्वप्न' हे शब्द आहेत. पाश्चात्त्यांना भारतात नेमके जे हवे असते, तेच त्यांत डोकावते. इंग्रजी बोलणाऱ्यांना त्याने पहिल्या काही मिनिटांतच निकालात काढले; परंतु त्यांच्यातच संशोधक होते, अभियंते होते, डॉक्टर होते. तेही भारतच होते.

आणखी एक गोष्ट विसरता कामा नये. ही मालिका ब्रिटनमध्ये दाखवली गेली ती कोणत्या वातावरणात? एप्रिल १९६८ मध्ये, लुई माल भारतात हिंडत होता त्याच सुमारास, इनॉक पॉवेल यांनी बर्मिंगहॅमला स्थलांतरितांच्या विरोधात विखारी भाषण केले होते. तेथे कारखान्यांत राबणाऱ्या, गोऱ्या शेजाऱ्यांचे टोमणे ऐकणाऱ्या भारतीय कुटुंबाने संध्याकाळी दूरचित्रवाणी लावावी आणि शेजारपाजारच्या दिवाणखान्यांतही तीच गिधाडे, तीच उघडी मुले दिसत असावीत, याचा अर्थ काय होतो? दुसऱ्या दिवशी कामावर जायचे असते ते त्या कुटुंबाला, दिग्दर्शकाला नाही. तेथील भारतीयांनी तक्रार केली ती या जाचातून. चित्र खरे असले तरी ते कोणासमोर टांगले जाते, यावरही त्याचा परिणाम ठरतो. बीबीसीने आणि लुई मालने याचा पुरेसा विचार केला होता असे दिसत नाही.

एवढे मान्य करूनही कार्यालयाला टाळे लावण्याचे समर्थन होत नाही. त्या टाळ्याने एकाही प्रेक्षकाचे मत बदलले नाही; उलट मालिकेची कीर्ती तेवढी वाढली. खरे उत्तर आपल्या घरातच होते. लुई माल येण्यापूर्वीच, १९६७ साली, सरकारच्याच फिल्म्स डिव्हिजनसाठी सुखदेव यांनी 'इंडिया ६७' हा माहितीपट केला होता. त्यात निवेदनाचा एक शब्द नाही आणि त्यांनी श्रीमंती, दारिद्र्य, यंत्रे आणि देवळे एकाच ताटात वाढली आहेत. परक्याची नजर खुपत असेल तर आपली नजर अधिक धारदार करणे हाच उपाय असतो. सरकारने तो माहितीपट हिमतीने जगासमोर मांडला असता तर टाळ्याची गरज पडली नसती.

इकडे लुई माल पॅरिसला परतला तो १९६८ च्या मे महिन्यातील उठावाच्या ऐन धामधुमीत. कान महोत्सवाच्या परीक्षक मंडळावर त्याची नेमणूक झाली होती. विद्यार्थी आणि कामगार रस्त्यावर असताना बक्षिसे वाटणे त्याला रुचले नाही. त्याने राजीनामा दिला आणि महोत्सवही अर्ध्यावरच बंद पडला. भारताने आपल्याला पाहण्याची नवी रीत शिकवली, असे तो पुढे सांगत असे. ती रीत त्याने आता घरी वापरायला काढली. रेन शहराजवळील सित्रोएन मोटार कारखान्यात त्याने जुळणीच्या पट्ट्यावर काम करणाऱ्या स्त्री-पुरुषांचे जवळजवळ निवेदनाविना चित्रीकरण केले. कारखानदाराच्या मुलाने कामगाराच्या हातांकडे इतका वेळ पाहत राहावे, ही गोष्ट लहान नाही.

खरी कसोटी लागली ती १९७४ साली 'लाकोंब, ल्युसियाँ' या कथापटाच्या वेळी. दुसऱ्या महायुद्धात जर्मनांच्या ताब्यात असताना सारा फ्रान्स मनाने लढत होता, द्रोही होते ते मूठभर, अशी समजूत युद्धानंतर देशाने जपली होती. लुई मालने सांगितलेली गोष्ट निराळी आहे. जून १९४४. नैर्ऋत्य फ्रान्समधला एक शेतकऱ्याचा पोर भूमिगतांत सामील व्हायला शाळामास्तरांकडे जातो. तू अजून लहान आहेस, म्हणून मास्तर त्याला परत पाठवतात. रात्री सायकल पंक्चर होते, संचारबंदीची वेळ उलटून जाते आणि गेस्टापोसाठी काम करणारे फ्रेंच हस्तक ज्या हॉटेलात उतरले आहेत, तेथे तो सापडतो. ते त्याला दारू पाजतात, कौतुक करतात. बोलता बोलता मास्तरांचे नाव त्याच्या तोंडून निघून जाते. दुसऱ्या दिवसापासून पोराच्या हाती बंदूक येते, आणि ज्याला कालपर्यंत कोणी विचारत नव्हते त्याला लोक घाबरू लागतात.

एका पंक्चरवर माणसाचे इमान फिरावे, हे फ्रान्सला सोसवले नाही. उजवे चिडले, डावेही चिडले. गोरगरिबाच्या मुलाला गद्दार केले म्हणून काहींनी झोडपले, तर गद्दाराला माणूस केले म्हणून इतरांनी. देशाची बदनामी, एकांगी चित्रण, हेतूविषयी शंका: दिल्लीत चार वर्षांपूर्वी वापरलेले शब्द आता पॅरिसमध्ये वापरले जात होते. या चित्रपटाची पटकथा लुई मालबरोबर लिहिणारा पात्रिक मोदियानो हा तरुण कादंबरीकार पुढे २०१४ साली साहित्याच्या नोबेल पारितोषिकाचा मानकरी ठरला. प्रमुख भूमिका करणारा प्येर ब्लेझ हा लाकूडतोडीचे काम करणारा गावातला मुलगा होता. दुसऱ्याच वर्षी तो मोटार अपघातात गेला.

त्यानंतर लुई माल अमेरिकेला गेला. 'अटलांटिक सिटी'ला १९८० साली व्हेनिसच्या सुवर्णसिंहात वाटा मिळाला. हॉटेलात जेवायला बसलेल्या दोन मित्रांच्या गप्पा, एवढ्याच भांडवलावर त्याने 'माय डिनर विथ आंद्रे' उभा केला. मात्र दूरचित्रवाणी त्याने सोडली नव्हती. मिनेसोटा राज्यातील ग्लेंको या लहानशा शेतकरी गावात त्याने १९७९ साली चित्रीकरण केले आणि सहा वर्षांनी, १९८५ साली, त्याच माणसांना भेटायला तो पुन्हा गेला. मधल्या काळात शेतीचे भाव कोसळले होते, हसतमुख कुटुंबे कर्जात रुतली होती. केवळ पहिली भेट दाखवली असती तर ते सुखी गावाचे गोड चित्र झाले असते. दुसऱ्यांदा जाऊन त्याने आपलेच पहिले चित्र दुरुस्त केले. भारतात त्याला जे जमले नाही, ते त्याने येथे केले.

आणि मग १९८७ साली तो ज्या आठवणीला आयुष्यभर बगल देत आला होता, तिच्यासमोर येऊन उभा राहिला. खरे तर हा माझा पहिला चित्रपट असायला हवा होता, असे तो म्हणे. हा चित्रपट म्हणजे 'ओ रव्हार लेझाँफाँ'.

१९४४ च्या जानेवारीत अकरा वर्षांचा लुई फाँतेनब्लोजवळील आव्हाँ येथे कार्मेलाइट पंथाच्या पाद्र्यांनी चालवलेल्या वसतिगृहात शिकत होता. मुख्याध्यापक पेअर जाक यांनी तीन ज्यू मुलांना खोट्या नावांनी शाळेत लपवले होते. कोणीतरी खबर दिली. १५ जानेवारीच्या सकाळी गेस्टापोची माणसे आली आणि तिन्ही मुलांना व पाद्रीबाबांना घेऊन गेली. मुले आउशवित्झला मारली गेली. पेअर जाक छळछावणीतून जिवंत सुटले, पण सुटकेनंतर काही आठवड्यांतच, जून १९४५ मध्ये, वारले.

चित्रपटात लुईचा झाला आहे ज्युलियाँ आणि त्याच्या नव्या मित्राचे नाव आहे बॉने. आधी दोघांत स्पर्धा, मग पुस्तकांची देवघेव, मग रानात रस्ता चुकणे आणि त्यातून मैत्री. एका संध्याकाळी चॅप्लिनचा मूकपट दाखवतात. पाद्री, शिक्षक, लपलेले आणि न लपलेले विद्यार्थी अंधारात एकत्र हसतात. ते हसणे पाहून घशात काहीतरी अडकते. स्वयंपाकघरातला लंगडा पोऱ्या जोझेफ या श्रीमंत मुलांशी खाऊचा चोरटा व्यापार करतो. प्रकरण उघडकीस येते तेव्हा नोकरी जाते ती एकट्या जोझेफची. मुलांना नावापुरती शिक्षा होते. खबर देतो तो हाच जोझेफ. त्याचे कृत्य नीच आहेच, पण त्याला तेथवर लोटण्यात आपल्या वर्गाचाही हात होता, हे साखर कारखानदाराचा मुलगा झाकून ठेवत नाही.

शेवटी वर्गात गेस्टापोचा अधिकारी येतो. बॉनेचे खरे नाव घेऊन तो मुलगा कोण, असे विचारतो आणि पाठ फिरवतो. त्या क्षणी ज्युलियाँची नजर नकळत बॉनेकडे जाते, आणि वळलेला अधिकारी ती नेमकी टिपतो. एक शब्द नाही, बोट दाखवणे नाही. मुलाने मित्राकडे काळजीने पाहिले, एवढेच. त्या पाहण्यानेच मित्र पकडला गेला.

जन्मभर जगाकडे पाहणे हाच ज्याचा धंदा, त्याने हे दृश्य योजावे यात त्याचा सगळा कबुलीजबाब आहे. पाहणे निरुपद्रवी नसते. प्रेमाने पाहिले तरी पाहिलेल्याचे नुकसान होऊ शकते. ब्रिटनमधल्या भारतीय कुटुंबांची तक्रार याहून वेगळी काय होती?

आता प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. रस्त्यावर पडलेला माणूस, रडणारी बाई, लग्नातली फजिती, शेजारच्यांचे भांडण, सारे काही टिपले जाते आणि क्षणात हजारोंना दाखवले जाते. ज्याला टिपले त्याने आपल्याकडे वळून पाहिले तर तेवढा तुकडा आपण कापून टाकतो. परदेशी माणसाने आपली झोपडपट्टी दाखवली की आपल्याला झोंबते. मात्र आपल्याच गल्लीतल्या गरिबाचे चित्र त्याला न विचारता चारचौघांत फिरवताना आपल्याला काही वाटत नाही. परक्याला जाब विचारण्यापूर्वी हा हिशेब घरी करायला हवा. दुसऱ्याचे उणे दाखवण्याचा अधिकार असतो. पण तो त्यालाच, जो वळून आलेली नजर सोसतो आणि त्याच उजेडात आपले घरही दाखवतो. लुई मालने ही किंमत चुकवली, म्हणून आपल्याविषयीचे त्याचे काही निष्कर्ष चुकीचे असूनही तो आदराला पात्र ठरतो.

घरात दहा-बारा वर्षांच्या पुढची मुले असतील तर एखाद्या रविवारी त्यांच्याबरोबर बसून हा शाळेचा चित्रपट जरूर पाहावा. शेवटच्या दृश्यात पाद्रीबाबांना आणि मुलांना अंगणातून नेतात. पाद्रीबाबा वळून विद्यार्थ्यांचा निरोप घेतात. त्यांनी उच्चारलेल्या फ्रेंच शब्दांचा अर्थ 'पुन्हा पाहीपर्यंत' असा होतो. आपणही निघताना 'जातो' म्हणत नाही, 'येतो' म्हणतो. दरवाजा रिकामा होतो आणि पडद्यामागून लुई मालचा स्वतःचा, पन्नाशी ओलांडलेला आवाज सांगतो की ती सकाळ मरेपर्यंत विसरणे नाही. चित्रपट संपल्यावर मुलांना लगेच काही समजावून सांगू नये. त्यांना जे विचारायचे आहे ते ती आपणहून विचारतील.